सहा तास मागे

बाकांवर जागा उरलेली नाही, तेव्हा जमिनीवरच बसा. मांडी घाला. तुम्हाला सवय आहे. शेजारच्या गोऱ्या पोराला नाही, आपले लांब पाय कुठे ठेवावेत हे त्याला सुचत नाहीये. तुमच्याकडे बघून त्याने किंचित मान हलवली आणि सरकून चार बोटं जागा दिली. वर गॅलरीत लोक कठड्यावरून वाकलेत. मधोमध अरुंद वाट, तिच्या टोकाला अध्यक्षांची खुर्ची, दोन्ही अंगांना समोरासमोर बाकं. ब्रिटिश संसदेचीच ही धाकटी बहीण, आणि इथे बोलून तयार झालेले कितीतरी जण पुढे त्या थोरलीत जाऊन बसलेत. बाहेर फेब्रुवारीची थंडी आहे. आत बीबीसीचे दिवे तापलेत आणि सातशेहून जास्त माणसांचा श्वास कोंडलाय.

तारीख १८ फेब्रुवारी १९६५, गुरुवार. ठिकाण केंब्रिज युनियन सोसायटी, १८१५ सालापासून चालत आलेली विद्यार्थ्यांची वादसभा. बायकांना इथे सभासद करून घेऊन जेमतेम दोन वर्षं झालीत. कॅमेऱ्याजवळ हळू आवाजात बोलणारा तो गृहस्थ म्हणजे नॉर्मन सेंट जॉन-स्टीव्हास, हुजूर पक्षाचा खासदार आणि स्वतः या सभेचा माजी अध्यक्ष. घरी पडद्यासमोर बसणाऱ्यांना तो आजच्या वादाचं महत्त्व समजावून सांगतोय. तुमच्या मुंबईत आज टीव्ही नाही. १९७२ च्या गांधी जयंतीपर्यंत तो येणारही नाही. पण हे चित्रीकरण टिकणार आहे, आणि इथे बसलेले बहुतेक जण म्हातारे होतील तेव्हाही लोक ते पाहत असतील.

आपल्यासारखा एखादा चेहरा दिसतो का म्हणून तुम्ही नजर फिरवलीत. फार थोडे आहेत. मराठी माणूस या गावाला परका नाही. कोल्हापुरात जन्मलेले जयंत नारळीकर इथल्या किंग्ज कॉलेजचे फेलो आहेत आणि फ्रेड हॉईल यांच्यासोबत त्यांचं नाव गेल्या वर्षीच जगभर गाजलंय. पण याच इंग्लंडात बर्मिंगहॅमजवळ स्मेदिक नावाचं गाव आहे. गेल्या ऑक्टोबरमधली तिथली निवडणूक रंगाच्या द्वेषावर लढवली गेली आणि जिंकलीही गेली. तिथल्या मार्शल स्ट्रीटवरचे गोरे रहिवासी मागणी करतायत, की रिकामी होणारी घरं नगरपालिकेने विकत घ्यावीत, म्हणजे ती भारतीयांच्या आणि कॅरिबियन लोकांच्या हाती जाणार नाहीत. सहाच दिवसांपूर्वी माल्कम एक्स त्या गल्लीतून चालत गेला. अजून तीन दिवसांनी, रविवारी, न्यूयॉर्कमध्ये भर सभेत त्याला गोळ्या घालतील. हे तुम्हाला माहीत आहे. या सभागृहात दुसऱ्या कुणालाच नाही. मागच्या काळात येऊन बसण्यातलं हे ओझं तुम्हाला आज रात्रभर वागवायचंय.

ठराव वाचला गेला: अमेरिकन स्वप्न हे अमेरिकन निग्रोच्या जिवावर उभं आहे.

‘निग्रो’ हा शब्द तुमच्या कानाला खटकेल. आज सगळेच तो वापरतात, ज्यांच्याबद्दल तो आहे तेसुद्धा. मला थांबायचंय ते दुसऱ्या शब्दापाशी. इंग्रजी ठरावात हिशेबाची भाषा आहे: कुणाच्या तरी खर्चाने, कुणाचं तरी नुकसान करून. तोच ठराव मराठीत आणताना हात आपोआप ‘जिवावर’ या शब्दाकडे जातो. एखाद्याच्या जिवावर मोठं होणं, जिवावर मजा मारणं, जिवावर उठणं, जिवावर बेतणं. आपल्या भाषेने पैशाचा हिशेब आणि प्राणाचा हिशेब एकाच शब्दात बांधून ठेवलाय. हा शब्द मुठीत धरून ठेवा. रात्र संपण्याआधी तो लागणार आहे.

आधी दोन विद्यार्थी बोलतात, एक बाजूने, एक विरुद्ध. विरुद्ध बोलणाऱ्याचा मुद्दा चलाखीचा आहे: काळ्यांवरच्या अन्यायाने अमेरिकन स्वप्नाला हातभार लागला नाही, उलट अडथळाच झाला, मग ते स्वप्न त्यांच्या जिवावर उभं कसं? दोघांची तयारी चांगली आहे. पण सगळ्यांच्या नजरा पुढच्या बाकावरच्या त्या लहानखुऱ्या माणसावर आहेत.

जेम्स बाल्डविन उठला.

वय चाळीस. गडद सूट, मोठाले डोळे, सगळा चेहरा जणू त्या डोळ्यांसाठीच घडवलेला. जन्म न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये, १९२४ चा. १९१३ ते १९१६ या काळात भीमराव आंबेडकर ज्या कोलंबिया विद्यापीठात शिकले, ते याच वस्तीला लागून आहे. घरी सावत्र बाप धर्मोपदेशक, पोरांची रांग, कायमची तंगी. चौदाव्या वर्षी हाही चर्चमध्ये प्रवचनं करू लागला आणि तीन वर्षांत ते सोडलं. चोविसाव्या वर्षी खिशात चाळीस डॉलर घेऊन पॅरिस गाठलं, कारण अमेरिकेत राहिलो तर आपल्या हातून कुणाचा तरी किंवा आपलाच जीव जाईल अशी भीती त्याला वाटत होती. विद्यापीठाचं तोंड त्याने विद्यार्थी म्हणून कधी पाहिलं नाही. इंग्लंडात तो आलाय ते कादंबरीच्या स्वस्त आवृत्तीचा प्रचार करायला, आणि आता केंब्रिजच्या सातशे शिकलेल्या माणसांसमोर उभा आहे.

सुरुवात इतकी हळू, की मागची माणसं पुढे वाकतात. कीर्तनकार पूर्वरंगात सूर लावतो तसं. तो आकडे फेकत नाही. समोरच्याची खोड काढत नाही. तो म्हणतो, या ठरावाचं उत्तर तुम्ही जगात कुठे उभे आहात यावर ठरणार. तुम्ही कशाला वास्तव म्हणता यावर ठरणार. आणि मग तो एका पोराची गोष्ट सांगू लागतो. पाच-सहा-सात वर्षांचं पोर. ज्या झेंड्यापुढे रोज शाळेत हात छातीवर ठेवून शपथ घेतली, त्या झेंड्याने आपल्याशी कसलीच शपथ घेतलेली नाही, हे त्या पोराला एक दिवस कळतं. पडद्यावर गॅरी कूपर रेड इंडियनांना लोळवतो तेव्हा पोर टाळ्या पिटतं, आणि मग त्याच्या ध्यानात येतं की ते इंडियन म्हणजे आपणच.

ऐकताय ना, ही सगळी गोष्ट तो दुसऱ्या पुरुषात सांगतोय. ‘मला’ कळलं असं म्हणत नाही, ‘तुम्हाला’ कळतं असं म्हणतो. इंग्रजीत त्या एका सर्वनामात सगळे मावतात. मराठीत मात्र निवड करावी लागते. त्या पोराला ‘तू’ म्हणायचं की ‘तुम्ही’? हा व्याकरणाचा प्रश्न नाही, आपल्याकडेही तो कधी नव्हता. गावात कुणाला अहो-जाहो आणि कुणाला म्हातारपणीसुद्धा अरे-तुरे, हे जातीने ठरवून दिलेलं होतं. इंग्रजीला ‘तू’ उरलेला नसला, तरी अमेरिकेच्या दक्षिणेने त्याची सोय करून ठेवली. काळा माणूस सत्तरीचा असला तरी ‘पोरा’, आणि बाई कितीही शिकलेली असली तरी नुसत्या नावाने हाक. १९६३ साली अलबामातल्या एका कोर्टात सरकारी वकिलाने साक्षीदाराच्या पिंजऱ्यातल्या मेरी हॅमिल्टन यांना ‘मेरी’ म्हणून प्रश्न विचारला. ‘मिस हॅमिल्टन’ म्हटल्याशिवाय मी उत्तर देणार नाही, असं त्यांनी बजावलं. कोर्टाच्या अवमानाबद्दल त्यांना तुरुंगात टाकलं, दंड केला. प्रकरण देशाच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि १९६४ च्या मार्चमध्ये ती शिक्षा रद्द झाली. एका ‘अहो’साठी एवढी लढाई. महाराष्ट्रात वाढलेल्या कुणालाही ती समजावून सांगावी लागू नये.

आणि मग, बघा, बाल्डविनने सर्वनाम बदललं. आवाज चढला नाही, पण सभागृहातली कुजबुज थांबली. आता तो ‘मी’ म्हणतोय. कापूस मी वेचला. बाजारात मी नेला. रेल्वे मी बांधली, दुसऱ्याच्या चाबकाखाली, फुकट. फुकट हा शब्द तो पुन्हा उच्चारतो, आणि तुमच्या शेजारच्या पोराने श्वास रोखल्याचं तुम्हाला जाणवतं.

शाळेत शिकलेला कर्मणी प्रयोग इथे मला आठवतो. ‘मी कापूस वेचला’ या वाक्यात क्रियापद कापसाप्रमाणे चालतं, वेचणाऱ्याप्रमाणे नाही. वेचणारी बाई असो, पुरुष असो, एक असो की चार पिढ्या असोत, क्रियापद ढिम्म हलत नाही. कापूस तेवढा मोजला जातो. बाल्डविन या सभागृहात जे करतोय ते नेमकं याच्या उलट आहे: मोजून झालेल्या गाठींच्या मागून तो कर्त्याला ओढून पुढे उभा करतोय.

या कापसाचा धागा तुमच्या घरापर्यंत येतो. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी पेटली, गुलामांनी वेचलेला कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेनासा झाला आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईत पैशाचा पूर लोटला. फोर्टातल्या ज्या राजाबाई टॉवरखालून तुम्ही शंभरदा गेला असाल, तो बांधायला पैसे देणाऱ्या प्रेमचंद रायचंदांची संपत्ती त्याच तेजीत फुगली होती. टॉवरवर त्यांच्या आईचं नाव आहे. वऱ्हाड-खानदेशात पऱ्हाटीच्या सरीत वाकून, बोंडांच्या टोकांनी बोटं सोलवटून घेत ज्या बायांनी तो कापूस वेचला, त्यांचं नाव कुठल्याही घड्याळाखाली नाही. बाल्डविन अमेरिकेबद्दल बोलतोय, हे खरं. पण ‘तुम्ही कुठे उभे आहात’ असं त्याने विचारलं तेव्हा मला माझं गाव दिसलं, आणि गावात आपलं घर कोणत्या बाजूला होतं हेही आठवलं. तुम्हालाही आठवेल.

आता तो अलबामाला आला. सेल्मा गावचा शेरीफ जिम क्लार्क. काळ्या माणसांना मतदार म्हणून नाव नोंदवू द्यायचं नाही, हे या माणसाने जणू आपलं जीवितकार्य केलंय. त्या भागात काळे मतदार व्हायला पात्र असलेले सुमारे पंधरा हजार, आणि नोंदले गेलेले शंभरात दोन. नोंदणीची कचेरी महिन्यातून दोनच दिवस उघडते. रांगेत तासन्‌तास उभं करतात, आत गेल्यावर राज्यघटनेचा उतारा समोर टाकून अर्थ विचारतात, आणि पास-नापास तिथला गोरा कारकून ठरवतो. क्लार्कच्या हातात गुरं हाकायची विजेची काठी असते. ती तो माणसांवर चालवतो.

बाल्डविन म्हणतो, हा माणूस निव्वळ राक्षस नसणार. बायको-पोरांवर त्याचं प्रेम असेल. एखाद्या बाईच्या छातीला विजेची काठी लावावी असं त्याला वाटतं, ते कशामुळे, हे त्याचं त्यालाही कळत नसेल. त्या बाईचं जे होतं ते भयंकर आहे. पण ते करणाऱ्याचं आतून जे होतं, ते काही बाबतीत त्याहूनही वाईट. हे बोलताना बाल्डविनच्या आवाजात राग नाही, दुःख आहे. या संध्याकाळचं सगळ्यात मोठं वाक्य मला हेच वाटतं. ज्याच्या पाठीवर काठी बसली, त्याने काठी धरणाऱ्या हाताची काळजी करावी, हे ऐकून टाळ्या वाजवायला हात लगेच उचलत नाहीत.

जिम क्लार्क हे नाव लक्षात ठेवा.

भाषण संपत आलंय. रॉबर्ट केनेडी म्हणाले होते, की चाळीस वर्षांत अमेरिकेत निग्रो राष्ट्राध्यक्ष होऊ शकेल. गोऱ्यांना हे फार उदार वाटलं. बाल्डविन सांगतो, हार्लेमच्या न्हाव्याच्या दुकानात ते कसं ऐकू आलं. आम्ही इथे चारशे वर्षं आहोत, हे काल आलेले, आणि आता आम्हाला सांगतायत की नीट वागलात तर चाळीस वर्षांनी बघू. सभागृह हसतं. तुम्ही हसत नाही. तुम्ही मनात हिशेब करताय. २००८ उजाडायला अजून त्रेचाळीस वर्षं.

तो बसला. आणि सातशे माणसं उभी राहिली. टाळ्या संपेनात. तुम्हीही उठलात, कधी उठलात ते कळलं नाही. सेंट जॉन-स्टीव्हास कॅमेऱ्याला सांगतोय, की युनियनमध्ये असं झालेलं त्याने आजवर कधी पाहिलं नाही. बाल्डविन तेवढा गोंधळल्यासारखा दिसतो. एवढ्या गोऱ्यांनी आपल्यासाठी उभं राहावं, याचा काय अर्थ लावायचा हे त्यालाही समजत नसावं.

त्यानंतर बोलायला उभं राहायचं म्हणजे छाती लागते, आणि ती विल्यम एफ. बकलीकडे आहे. एकोणचाळीस वर्षांचा, येलमध्ये शिकलेला, श्रीमंत घरातला, काळा टाय बांधलेला. ‘नॅशनल रिव्ह्यू’ हे अमेरिकन उजव्यांचं नियतकालिक त्याने १९५५ साली काढलं. दोन वर्षांनी त्यात एक अग्रलेख आला: दक्षिणेत गोरे संख्येने कमी असले तरी सत्ता त्यांच्याच हाती राहिली पाहिजे, कारण तूर्त प्रगत वंश तोच आहे. तोच माणूस आता कमरेतून किंचित मागे झुकून, शब्द लांबवत बोलतोय. बोलणं देखणं आहे. तो बाल्डविनला सांगतो, की तुम्ही काळे म्हणून लोक तुम्हाला जपतात, मी जपणार नाही. बरोबरीचा माणूस म्हणूनच उत्तर देईन. ऐकायला हे समतेचं वाटतं. पण बाल्डविनने जे सांगितलं, त्यातल्या एकाही गोष्टीला तो हात लावत नाही. ना त्या पोराला, ना कापसाला, ना विजेच्या काठीला. तो म्हणतो, अमेरिकेइतकी या प्रश्नाची काळजी जगात कुणीच करत नाही. आणि काळ्या समाजाने स्वतः घ्यायला हवेत ते कष्ट घेतलेले नाहीत. आकडा देतो: १९०० साली काळे डॉक्टर साडेतीन हजार होते, १९६० साली तीन हजार नऊशे. वैद्यकीय महाविद्यालयांची दारं या साठ वर्षांत कुणासाठी बंद होती, हे तो त्या आकड्याला जोडत नाही.

तेवढ्यात कुणीतरी ओरडलं: मिसिसिपीत त्यांना मत तरी देऊ द्या!

तुमची पाठ ताठ झाली. आज रात्रीचा खरा प्रश्न हाच आहे, आणि तो भाषणातून नाही, गर्दीतून आला. मिसिसिपीत या घडीला पात्र काळ्यांपैकी मतदार म्हणून नोंदलेले आहेत ६.७ टक्के. बकली क्षणभरही अडला नाही. तुमच्याशी मी पूर्ण सहमत आहे, म्हणाला. मात्र मिसिसिपीचं दुखणं काळे पुरेसे मत देत नाहीत हे नाही, गोरे फार जण मत देतात हे आहे. हशा पिकला. उत्तर हजरजबाबी आहे, दाद द्यावी असंच. आणि त्यामुळेच मला त्याचा राग येतो. ज्याचं मत कधी धोक्यात नव्हतं, त्यालाच मताबद्दल असा खेळ सुचतो. न्यायाने हेही सांगायला हवं, की हा माणूस म्हातारपणी, २००४ साली, जाहीरपणे म्हणाला: दक्षिण आपली आपण सुधारेल असं मला वाटायचं, ते चुकलं, केंद्र सरकारने हात घालणं गरजेचंच होतं. पण ते एकोणचाळीस वर्षांनी.

मतं मोजली गेली. ठरावाच्या बाजूने ५४४, विरुद्ध १६४. तुम्ही सभासद नाही, तुम्हाला मत नाही. नुसतं बघत उभं राहायचं. बाकीच्यांनी ते सहज नोंदवलं, काही मिनिटांत, गप्पा मारता मारता. कुणी त्यांना घटनेचा उतारा वाचायला लावला नाही. कुणी दारात काठी घेऊन उभं नव्हतं.

लोक ओव्हरकोट चढवून बाहेर पडतायत. मला या क्षणी जोतीराव फुले आठवतात. १८७३ साली त्यांनी ‘गुलामगिरी’ अर्पण केलं ते अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, ज्यांनी नीग्रो गुलामांना दास्यातून सोडवण्यासाठी त्याग केला. आपल्या देशबांधवांनीही तो कित्ता गिरवावा आणि शूद्र बांधवांची सुटका करावी, ही आशा त्यांनी तिथेच लिहून ठेवली. पुण्यात बसून त्यांनी अटलांटिकपलीकडे दिवा पेटलेला पाहिला. त्या अर्पणपत्रिकेला आज ब्याण्णव वर्षं झाली, आणि ज्यांच्या सुटकेवर ती भिस्त ठेवली होती, त्यांच्यातलाच एक जण केंब्रिजमध्ये सांगतोय की सुटका व्हायचीय. जोतीरावांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. कायद्याने बेडी तुटली होती, हे खरंच होतं. गेल्या जुलैत आणखी एक कायदा झाला आणि हॉटेलं, थेटरं, बसथांबे, नळ यांवरचे ‘फक्त गोऱ्यांसाठी’ हे फलक बेकायदा ठरले. मताचं मात्र राहून गेलंय.

घड्याळ बघा. इथे रात्र झाली. अलबामा सहा तास मागे आहे. तिथे अजून आजचीच संध्याकाळ आहे. तुम्ही एवढ्या लांब आलाच आहात, तर अजून थोडं चला.

मॅरियन. सेल्मापासून सुमारे पंचेचाळीस किलोमीटरवरचं छोटं गाव, पेरी काउंटीचं मुख्य ठिकाण. मार्टिन ल्यूथर किंग यांच्या पत्नी कोरेटा यांचं माहेर याच भागातलं. मतनोंदणीसाठी पोरांना गोळा केलं म्हणून जेम्स ऑरेंज या कार्यकर्त्याला इथल्या तुरुंगात टाकलंय आणि त्याला रात्री मारून टाकतील अशी वदंता आहे. झायन मेथडिस्ट चर्च गच्च भरलंय. इथेही जागा नाही. भिंतीला टेकून उभे राहा. सी. टी. व्हिव्हियन बोलतायत. इथे दिवे तापलेले नाहीत, इथला ताप वेगळा आहे. साडेनऊच्या सुमाराला लोक बाहेर पडतात. तुरुंग जवळच आहे. तिथवर जायचं, गाणं म्हणायचं, प्रार्थना करायची आणि परतायचं, एवढाच बेत. सुमारे पाचशे माणसं आहेत. तुम्ही त्यांच्यात आहात.

समोर राज्याचे पोलीस रांग धरून उभे. त्यांच्या आजूबाजूला गावातले गोरे. आणि गणवेश न घालता आलेला, हातात दंडुका घेतलेला एक जाडजूड माणूस. ओळखलात? काही तासांपूर्वी त्याच्या बायको-पोरांबद्दल, त्याच्या आत काय मोडलं असेल त्याबद्दल केंब्रिजमध्ये एक माणूस बोलत होता. जिम क्लार्क आज आपली हद्द सोडून मॅरियनला आलाय.

एक पाद्री प्रार्थनेसाठी गुडघ्यावर बसला. त्याच्यावर दंडुका पडला. आणि रस्त्यावरचे दिवे गेले.

आता तुम्हाला काही दिसत नाही. दिसू नये म्हणूनच ते घालवलेत. वार्ताहरांच्या कॅमेऱ्यांवर काळा रंग फवारला जातोय, दिवे फोडले जातायत. एनबीसीचे रिचर्ड व्हॅलेरियानी डोक्यावर घाव बसून रक्ताळलेत. केंब्रिजमध्ये प्रत्येक चेहऱ्यावर उजेड होता. तिथला शब्दन्‌शब्द टिकला. इथलं चित्र उरणार नाही. उरतील ते आवाज, आणि ज्यांनी ऐकले त्यांच्या साक्षी. लाकूड हाडावर बसल्याचा आवाज. पळणाऱ्या पायांचा. कुणीतरी कुणाचं तरी नाव घेऊन ओरडल्याचा.

लोक चर्चमागच्या मॅक्स कॅफेत घुसले, पाठोपाठ पोलीस. आत केगर ली आहेत, वय ८२, डोक्यातून रक्त वाहतंय. त्यांची मुलगी व्हायोला आहे, तिला मारतायत. तिच्या आड येतोय तो तिचा मुलगा, जिमी ली जॅक्सन. वय २६. गावच्या बाप्टिस्ट चर्चमधला सेवेकरी, मोलमजुरी करून घर चालवणारा. मतदार म्हणून नाव लागावं यासाठी काही वर्षं खेटे घालतोय. एका पोलिसाने अगदी जवळून त्याच्या पोटात गोळी घातली.

आठ दिवसांनी, २६ तारखेला, सेल्माच्या गुड समॅरिटन रुग्णालयात तो जाईल. त्याचं शव राज्याच्या राजधानीत नेऊन गव्हर्नरच्या दारात ठेवू, असं कुणीतरी संतापाने म्हणेल, आणि त्या संतापातून सेल्मा ते माँटगोमेरी पदयात्रा निघेल. ७ मार्चला सकाळी ‘न्यूयॉर्क टाइम्स’च्या रविवार पुरवणीत बाल्डविनचं केंब्रिजचं भाषण छापून येईल, त्याच दुपारी सेल्माच्या पुलावर पोलीस यात्रेकरूंना तुडवतील. त्या वेळी लख्ख ऊन असेल आणि कॅमेरे शाबूत असतील. रात्री एबीसी वाहिनी न्यूरेंबर्गच्या खटल्यावरचा चित्रपट मध्येच थांबवून ती दृश्यं दाखवेल आणि कोट्यवधी अमेरिकन ती घरात बसून पाहतील. ६ ऑगस्टला मतदानाच्या हक्काचा कायदा होईल. मिसिसिपीतला ६.७ चा आकडा दोन वर्षांत साठाच्या घरात जाईल. गोळी झाडणाऱ्यावर मात्र २००७ पर्यंत खटला भरला जाणार नाही. २०१० साली तो गुन्हा कबूल करेल आणि त्याला सहा महिन्यांची शिक्षा होईल.

पण हे सगळं पुढचं. आता मॅरियनच्या रस्त्यावर काळोख आहे आणि २६ वर्षांचा एक मुलगा पोट धरून बाहेर धावतोय. केंब्रिजमध्ये पहाट व्हायला आलीय. ५४४ आणि १६४ हे आकडे जाहीर होऊन काही तास उलटलेत. पेरी काउंटीच्या मतदार यादीत जिमी ली जॅक्सनचं नाव अजून लागलेलं नाही.